एस्टोनियाची वीज : खडक आपला, जाळे परक्याचे

८ फेब्रुवारी २०२५ रोजी एस्टोनिया, लॅटव्हिया आणि लिथुआनिया या तीन बाल्टिक देशांनी रशिया व बेलारूसच्या वीजजाळ्याशी आपल्याला जोडणाऱ्या वाहिन्या बंद केल्या आणि दुसऱ्या दिवशी पोलंडमार्गे युरोप खंडाच्या जाळ्याशी आपली वारंवारिता (वीजप्रवाहाच्या आंदोलनांचा दर सेकंदाचा ताल) जुळवून घेतली. तिन्ही देश २००४ सालीच युरोपीय संघात आणि नाटोमध्ये दाखल झाले होते. तरीही त्यांच्या तारांमधली ५० हर्ट्झची वारंवारिता तोवर मॉस्कोतून सांभाळली जात होती. एस्टोनियाच्या बाबतीत ही गोष्ट विशेष खटकते, कारण जेमतेम तेरा लाख लोकवस्तीच्या या देशाने विजेच्या इंधनासाठी कोणापुढे हात पसरला नव्हता. वीज त्याच्याच जमिनीतल्या दगडातून निघत होती.

हा दगड म्हणजे ऑइल शेल. ईशान्येकडील इदा-विरू जिल्ह्यात चुनखडीच्या थरांमध्ये तो तपकिरी पट्ट्यांच्या रूपाने सापडतो आणि त्यातला सेंद्रिय अंश इतका असतो की दगड चक्क पेट घेतो. एका शेतकऱ्याने याच दगडांनी बांधलेले स्नानगृह पहिल्याच आगीत जळून खाक झाल्याची दंतकथा तिकडे आवडीने सांगितली जाते. पहिल्या महायुद्धात पेट्रोग्राडला (आजच्या सेंट पीटर्सबर्गला) इंधनाचा तुटवडा भासू लागला तेव्हा, १९१६ साली, कुक्रुसे येथे खाणकाम सुरू झाले. १९१८ मध्ये स्वातंत्र्य जाहीर केलेल्या नव्या प्रजासत्ताकाने ते पुढे चालवले आणि १९२४ साली टालिनचे वीजकेंद्र ऑइल शेलवर चालू लागले. या इंधनावर चालणारे ते जगातले पहिले वीजकेंद्र मानले जाते.

देशाच्या वीजव्यवस्थेला आजचा आकार मात्र सोव्हिएत काळात मिळाला, आणि तो देताना एस्टोनियाची गरज हा हिशेबाचा मुद्दाच नव्हता. दुसऱ्या महायुद्धानंतर कोहत्ला-यार्वे येथे ऑइल शेलपासून तयार होणारा गॅस १९४८ साली नळाने प्रथम गेला तो लेनिनग्राडला, म्हणजे पूर्वीच्या पेट्रोग्राडला. एस्टोनियाची स्वतःची राजधानी टालिन हिला त्यासाठी आणखी काही वर्षे थांबावे लागले. विजेचेही तसेच झाले. सरहद्दीवरच्या नार्वा नदीवर धरण बांधून १९५५ साली १२५ मेगावॅटचे जलविद्युत केंद्र सुरू झाले, ते नदीच्या रशियन काठावर. त्याच जलाशयाच्या पाण्यावर थंड होणारी बाल्टी आणि एस्टी ही दोन अजस्र औष्णिक केंद्रे नार्वा शहराजवळ उभी राहिली. पहिले साठच्या दशकात पूर्ण झाले, दुसरे १९७३ मध्ये. दोन्हींची मिळून क्षमता सुमारे तीन हजार मेगावॅट होती. आज, कडाक्याच्या थंडीतही, एस्टोनियाची कमाल मागणी दीड हजार मेगावॅटच्या आसपास जाते, एवढ्यावरून ही केंद्रे कोणासाठी बांधली होती ते समजते. १९८० साली ऑइल शेलचे उत्खनन ३.१ कोटी टनांवर पोहोचले. तो उच्चांक ठरला. लेनिनग्राडजवळचे अणुवीज केंद्र एव्हाना सुरू झालेले असल्याने नार्वाच्या विजेची मागणी पुढे ओसरत गेली.

या इंधनाचा खरा जाच राखेचा. जाळलेल्या शेलच्या वजनापैकी जवळजवळ निम्मा भाग राख म्हणून मागे उरतो. दगड दळून त्याची भुकटी बाष्पकात (बॉयलरमध्ये) सुमारे १,४०० अंशांवर जाळण्याची जुनी पद्धत होती. त्या उष्णतेत भुकटीतली चुनखडीही फुटते आणि इंधनाच्या ज्वलनातून निघणाऱ्या कार्बन डायऑक्साइडमध्ये दगडातल्या कार्बन डायऑक्साइडची भर पडते. राख पाण्याबरोबर नळांतून बाहेर वाहून नेली जाई. त्यातून नार्वाभोवती राखेचे पठारासारखे ढीग आणि अल्कधर्मी, निळसर-हिरव्या पाण्याची तळी तयार झाली. दिसायला ती सुंदर असली तरी ते पाणी निरुपद्रवी नाही.

१९९१ मध्ये स्वातंत्र्य परत मिळाले तेव्हा ही सगळी यंत्रणा एस्टी एनर्गिआ या सरकारी कंपनीकडे आली. नार्वाच्या केंद्रांतील ४९ टक्के हिस्सा एनआरजी या अमेरिकी कंपनीला विकण्याचा बेत बराच काळ गाजला आणि जानेवारी २००२ मध्ये बारगळला. त्यानंतर सरकारी कंपनीनेच कर्ज उभारून दोन संचांमध्ये नवे बाष्पक बसवले. त्यांत इंधन हवेच्या झोतावर तरंगत ठेवून सुमारे ८०० अंशांवर जाळले जाते, त्यामुळे चुनखडी कमी फुटते आणि उरलेला चुना गंधक धरून ठेवतो. याच धर्तीवर शेजारी आउवेरे येथे ३०० मेगावॅटचे नवे केंद्रही बांधण्यात आले. मूळ दुखणे मात्र त्याने गेले नाही. २०१८ मध्ये युरोपीय संघातील कार्बन परवान्यांची (कार्बन डायऑक्साइड सोडण्यासाठी उद्योगांना घ्याव्या लागणाऱ्या परवान्यांची) किंमत वर्षभरात सुमारे तिप्पट झाली, नार्वाची वीज बाजारभावात बसेनाशी झाली आणि २०१९ साली वीज निर्यात करणारा एस्टोनिया आयातदार बनला. इदा-विरूतील बहुसंख्य लोक रशियन भाषक असून त्यांच्या कित्येक पिढ्या खाणी आणि वीजकेंद्रांवर जगल्या आहेत. त्यांना ही घसरण हवामानधोरणापेक्षा रोजगाराच्या भाषेतच कळली.

आयात शक्य झाली ती फिनलंडच्या आखाताखालून टाकलेल्या केबलींमुळे. एस्टलिंक-१ (३५० मेगावॅट) २००६ च्या अखेरीस, तर एस्टलिंक-२ (६५० मेगावॅट) २०१४ मध्ये सुरू झाली. या केबली एकदिश (डीसी) प्रवाहाच्या आहेत. त्यांच्यातून वीज येते, पण वारंवारिता जुळत नाही; म्हणूनच बाजार नॉर्डिक देशांशी जोडला गेल्यावरही जाळे रशियाच्या तालावरच राहिले. ते तोडण्याआधी प्युस्सी, विरू आणि कीसा येथे सिंक्रोनस कंडेन्सर बसवावे लागले. ही अवजड फिरती यंत्रे इंधन जाळत नाहीत. केवळ आपल्या जडत्वाने ती वारंवारितेला एकदम घसरू देत नाहीत. जुन्या औष्णिक केंद्रांची चक्रे हे काम इतकी वर्षे आपसूक करीत होती, त्यामुळे त्याचा वेगळा खर्च कोणी मोजला नव्हता.

२०२४ च्या नाताळच्या दिवशी, म्हणजे जोडणी बदलण्याला दीड महिनाही उरला नसताना, एस्टलिंक-२ तुटली. एका तेलवाहू जहाजाचा नांगर समुद्रतळावरून ओढला गेल्याचा संशय फिनलंडच्या तपासयंत्रणेने व्यक्त केला. दुरुस्तीला महिने लागले, पण फेब्रुवारीची तारीख पुढे ढकलली गेली नाही. पवनऊर्जा आणि सौरऊर्जा वाढत आहे, आणि जून २०२४ मध्ये संसदेने अणुवीज स्वीकारण्याच्या बाजूने ठराव केला आहे. पहिली अणुभट्टी मात्र अजून कागदावरच आहे. तोवर वारा पडलेल्या, अंधाऱ्या हिवाळी दिवसांसाठी नार्वाचे शेलवरचे संच राखीव म्हणून सांभाळणे भाग आहे, आणि त्यांचा खर्च ग्राहकाच्या बिलातून वसूल करायचा की सरकारी तिजोरीतून, यावर टालिनमध्ये वाद होत आला आहे.