स्ट्रोक्सच्या पहिल्या अल्बमचं कव्हर ९/११मुळे बदललं? नाही हो

न्यूयॉर्कच्या ‘द स्ट्रोक्स’ या रॉक बँडच्या पहिल्या अल्बमची, ‘इझ धिस इट’ची गोष्ट निघाली की कोणीतरी हमखास सांगतं की हल्ल्यानंतर अमेरिकेत वातावरण तापलं, सरकारने दट्ट्या दिला आणि बिचाऱ्या पोरांना गाणं पण काढावं लागलं आणि कव्हर पण. अर्धी गोष्ट खरी आहे, म्हणूनच ती इतकी वर्षं चाललीये.

गाण्याचं खरं आहे. ‘न्यूयॉर्क सिटी कॉप्स’मध्ये पोलिसांच्या अकलेवर टोमणा आहे आणि हल्ल्यात त्याच शहराचे पोलीस लोकांना वाचवताना मेले, मग ते गाणं कसं वाजवणार? सीडी २५ सप्टेंबर २००१ला येणार होती ती ९ ऑक्टोबरला आली आणि त्या जागी ‘व्हेन इट स्टार्टेड’ घातलं. पण बंदीबिंदी कोणी घातली नव्हती, बँडनेच ठरवलं. शिवाय अमेरिकेतल्या एलपीवर मूळ गाणं तसंच राहिलं, बंदी असती तर राहिलं असतं का?

आता कव्हर. मूळ फोटो कॉलिन लेनचा, उघड्या कमरेवर ग्लोव्ह घातलेला हात. अमेरिकेतल्या सोवळ्या दुकानदारांची धास्ती होतीच, पण बँडचा गायक ज्युलियन कासाब्लांकासला बबल चेंबरमधल्या (म्हणजे अणूहून बारीक कणांची वाट दाखवणाऱ्या यंत्रातल्या) कणांच्या रेषांचा फोटो जास्त आवडला आणि त्यानेच तो लावायला सांगितला. याचा हल्ल्याशी काडीचा संबंध नाही. (मला विचाराल तर रेषावालंच भारी दिसतं.)