अर्थसीची जादू: खऱ्या नावाची भानगड कुठून आली

ज्यांनी उर्सुला ले ग्विनची अर्थसी ही फँटसी कादंबऱ्यांची मालिका वाचली नाहीये त्यांच्यासाठी आधी थोडक्यात. बेटांचं जग आहे, तिथे दगड, लाट, शेळी, माणूस, सगळ्यांना जुन्या भाषेत एकेक खरं नाव असतं आणि ते माहीत असलं की त्याच्यावर तुमची सत्ता चालते. दगडाचं खरं नाव टोल्क. त्याचा हिरा करायचा तर नुसता भास निर्माण करून भागत नाही, नावच बदलावं लागतं. त्यामुळे माणसं आपलं खरं नाव जिवापाड जपतात आणि रोजच्या वापराला दुसरं ठेवतात. हीरोचं लहानपणीचं नाव डनी, तेराव्या वर्षी गुरू त्याला गेड हे खरं नाव देतो, पण चारचौघात तो ओळखला जातो एका शिकारी पक्ष्याच्या नावाने. त्या जुन्या भाषेत माणसाला खोटं बोलता येत नाही, ड्रॅगनना मात्र येतं कारण ती त्यांची मायबोलीच आहे. हा डिटेल मला जाम आवडतो.

लिहिण्याचंही तसंच. जुन्या भाषेच्या खऱ्या रून्स, म्हणजे जादूची अक्षरं, काढणं म्हणजे मंत्र टाकल्यासारखंच, म्हणून हिशेब, पत्रं, गाणी लिहायला लोक वेगळी, बिनधोक्याची हार्डिक लिपी वापरतात. हे सगळं एकदम ठरलेलं नव्हतं. सुरुवात 1964 च्या दोन छोट्या कथांपासून, त्यातल्या एका कथेचा सगळा खेळच नावं सांगायची नाहीत या नियमावर आहे. मग 1967 मध्ये बर्कलीच्या पार्नासस प्रेस या प्रकाशनवाल्याने तिला जरा मोठ्या मुलांसाठी काहीतरी लिही म्हणून विचारलं आणि 1968 ला पहिली कादंबरी आली. जगाची, भाषेची, लिप्यांची नीट बैजवार माहिती तिने 2001 मध्ये दिली, म्हणजे नियमावली गोष्टींच्या मागून आली.

आता ही कल्पना तिची एकटीची आहे का, तर अजिबात नाही. इजिप्तमध्ये तीन हजार वर्षांपूर्वीच्या पपायरसवर गोष्ट आहे, म्हाताऱ्या रा देवाची लाळ मातीत पडते, इसिस देवी त्या मातीचा साप बनवते, साप त्याला चावतो, आणि ती म्हणते खरं नाव सांग तर विष उतरवते. तो आधी दुसरीच नावं सांगून बघतो पण विष काही उतरत नाही, शेवटी द्यावंच लागतं. तिकडेच शत्रूंची नावं मडक्यांवर लिहून ती मडकी फोडायचे, म्हणजे लिहिलेलं नावही जिवंतच धरलेलं.

आइसलँडच्या एगिलच्या सागामध्ये, म्हणजे त्याच्या जुन्या वीरकथेत, तर लिहिण्यातली चूकच अंगावर येते. एक मुलगी आजारी, एगिल तिचं अंथरूण तपासतो तर व्हेलच्या हाडावर रून्स कोरलेल्या, एका शेतकऱ्याच्या पोराने तिच्यावर जादू करायला म्हणून कोरल्या पण येत नसताना, आणि झालं उलटंच. एगिल ती अक्षरं खरवडतो, हाड जाळतो, नवीन रून्स कोरून तिच्या उशीखाली ठेवतो, पोरगी बरी होते.

बोलण्यातल्या चुकीची गोष्ट आपल्याकडे आहेच की, इंद्रशत्रूची. त्वष्ट्याला इंद्राला मारणारा मुलगा हवा होता, यज्ञात ‘इंद्रशत्रु’ म्हणताना आघात शेवटच्या अक्षरावर हवा होता तो पहिल्यावर पडला, समास तत्पुरुषाचा बहुव्रीही झाला, ‘इंद्राचा मारणारा’ ऐवजी ‘इंद्र ज्याचा मारणारा’, आणि तो मुलगा, वृत्र, इंद्राच्याच हातून मेला. पाणिनीय शिक्षा या उच्चारांवरच्या जुन्या ग्रंथात उच्चार चुकू नये याचं उदाहरण म्हणून हेच दिलंय. ग्रामरची चूक आणि थेट मुलाचा जीव, यापेक्षा कडक मॅजिक सिस्टीम मी तरी वाचलेली नाही.

अर्थसीतलं जादूचं शिक्षणही असंच कंटाळवाणं पाठांतर आहे. कुरेमकार्मेरुक नावाचा मास्तर एका एकाकी मनोऱ्यात पोरांना नावांच्या याद्या देतो, एकेका समुद्रातलं प्रत्येक टोक, खाडी, खडक, आणि मध्यरात्री कागदावरची शाई उडून जाते, पाठ झालं नसलं तर बसा परत. वेदांचा घनपाठ करणाऱ्या मुलांना हे वाचून हसू येईल.

पण मला वाटतं खरा धागा ले ग्विनच्या घरातच आहे. वडील आल्फ्रेड क्रोबर, बर्कलीचे मोठे मानववंशशास्त्रज्ञ. 1911 मध्ये कॅलिफोर्नियातल्या ओरोव्हिलला ‘याही’ नावाच्या आदिवासी जमातीतला शेवटचा माणूस उपाशी, एकटा येऊन पोचला. त्याला नाव विचारलं तर सांगेना, कारण त्यांच्यात स्वतःचं नाव स्वतःच्या तोंडाने घेत नाहीत, तुमची ओळख दुसऱ्याने करून द्यायची, आणि करून देणारं तर कोणीच उरलं नव्हतं. मग क्रोबरने त्याला इशी म्हटलं, त्यांच्या भाषेत नुसतं ‘माणूस’. 1916 ला तो गेला, खरं नाव कोणालाच न सांगता. उर्सुलाचा जन्म 1929 चा, म्हणजे तिने त्याला पाहिलेलं नाही, पण आई थिओडोराने इशीवर लिहिलेलं पुस्तक 1961 ला आलं आणि तीन वर्षांत लेकीच्या नावांच्या कथा छापून आल्या. मी काही कोर्टात सिद्ध करत नाहीये, पण हा योगायोग आहे असं मला कोणी पटवू शकणार नाही.

आणि इशीचं वागणं मला विचित्र कधीच वाटलं नाही, कारण माझी आजी. आजोबांचं नाव तिने जन्मात घेतलं नाही, ‘अहो’ नाहीतर ‘घरातले’. रेशनच्या दुकानात कार्डावरचं नाव विचारलं की ती मला पुढे ढकलायची, मी तेव्हा असेन सहा-सात वर्षांचा, काउंटरपर्यंत डोकंही पोचायचं नाही, आणि मी ओरडून आजोबांचं पूर्ण नाव सांगितलं की ती पदर सारखा करत दुसरीकडे बघायची. नाव घ्यायची परवानगी फक्त उखाण्यात, म्हणजे यमक जुळवून, चांदीच्या ताटाबिटाच्या आडून. लग्नातला तिचा उखाणा तिला शेवटपर्यंत पाठ होता, पण आम्ही पोरं हट्टाला पेटलो की ती तो अगदी नावापर्यंत म्हणायची आणि तिथेच थांबायची.