टायटॅनिक आणि लुसिटानिया: दिसायला सारख्या, बुडाल्या मात्र पार वेगळ्या

चार धुरांड्यांची, काळ्या अंगाची जुनी बोट फोटोत दिसली की लोक सरळ टायटॅनिक म्हणून मोकळे होतात. त्यातले बरेच फोटो लुसिटानियाचे असतात, आणि नुसते फोटोच नाही तर दोघींच्या गोष्टी पण एकमेकीत मिसळून गेल्यात. टायटॅनिक वेगाचा रेकॉर्ड मोडायला निघाली होती, टायटॅनिकवर टॉर्पेडो मारला, लुसिटानिया पहिल्याच फेरीत गेली, तिच्यावर लाइफबोटी कमी होत्या, असं काहीबाही वाचायला मिळतं आणि ह्यातलं एकही खरं नाही. ह्या दोघींना शेजारी शेजारी ठेवून बघायलाच हवं असं मला मनापासून वाटतं, कारण मधे जेमतेम तीन वर्षं आहेत, समुद्र तोच अटलांटिक, कंपन्या एकमेकींच्या कट्टर स्पर्धक, आणि तरी माणसं गेली ती वेगवेगळ्या कारणांनी. सगळा फरक शेवटी वेळेवर येऊन थांबतो. एकीला बुडायला दोन तास चाळीस मिनिटं लागली, दुसरीला अठरा मिनिटं.

आधी बोटींबद्दल. लुसिटानिया वयाने मोठी, कुनार्ड कंपनीची, स्कॉटलंडमधे क्लाइडबँकला जॉन ब्राउनच्या यार्डात बांधलेली, 1907 मधे पहिली फेरी. ब्रिटिश सरकारने कुनार्डला कर्ज दिलं, वर दरवर्षी अनुदान दिलं, आणि अट अशी की लढाई झाली तर बोट नौदलाला वापरता आली पाहिजे. त्यामुळे तिचं सगळं डिझाइन वेगासाठी होतं, चार प्रोपेलर, टर्बाइन इंजिनं, 25 नॉट वेग (नॉट म्हणजे बोटीच्या वेगाचं माप, 25 नॉट म्हणजे ताशी साधारण 46 किलोमीटर), आणि आल्या आल्या तिने अटलांटिक सगळ्यात लवकर पार करण्याचा मान जर्मन बोटींकडून हिसकावून घेतला. म्हणजे रेकॉर्डची बोट ही होती. टायटॅनिक व्हाइट स्टार कंपनीची, बेलफास्टला हार्लंड अँड वुल्फने बांधलेली, आणि व्हाइट स्टारने ठरवूनच वेगाची शर्यत सोडून दिली होती, त्यांना आकार आणि ऐषआराम हवा होता. टायटॅनिक 269 मीटर लांब, 46 हजार टनांच्या वर, लुसिटानिया 240 मीटर आणि साधारण साडेएकतीस हजार टन. टायटॅनिकची इंजिनं पूर्ण ताकदीने चालवली असती तरी लुसिटानियाचा वेग तिला गाठता आला नसता, त्यामुळे "रेकॉर्डच्या हव्यासापायी बुडाली" ही गोष्ट कितीही पसरली तरी तिला आधार नाही. वेग कमी केला नाही हे मात्र खरं, आणि ती चूक गंभीरच होती, पण ती वेगळी गोष्ट आहे.

धुरांड्यांचं पण सांगून टाकतो कारण फोटो ओळखायला उपयोग होतो. टायटॅनिकचं चौथं धुरांडं बॉयलरला जोडलेलंच नव्हतं, ते हवा खेळती ठेवायला आणि दिसायला. लुसिटानियाची चारही कामाची. रंगीत चित्र असेल तर व्हाइट स्टारची धुरांडी फिकट पिवळसर, वर काळा पट्टा, कुनार्डची नारिंगी-लाल, वर काळा पट्टा. ब्लॅक अँड व्हाइट फोटोत ह्याचा काही उपयोग नाही, आणि महायुद्धात लुसिटानियाची धुरांडी गडद रंगवून टाकली होती त्यामुळे शेवटच्या फोटोंत अजूनच गोंधळ होतो.

आता बुडण्याकडे येऊ, कारण खरी समजून घ्यायची गोष्ट तिथे आहे.

टायटॅनिक 10 एप्रिल 1912 ला साउदॅम्प्टनहून निघाली, शेरबर्ग आणि मग आयर्लंडमधलं क्वीन्सटाउन करून न्यूयॉर्ककडे. 14 एप्रिलला रात्री 11:40 ला साधारण 22 नॉट वेगात हिमनग उजव्या बाजूला घासून गेला. लोकांच्या डोक्यात एक मोठं भगदाड असतं, तसं नव्हतं, अरुंद फटी होत्या, सगळ्या मिळून उघडी जागा साधारण 12 चौरस फुटांची असावी असा हिशोब तिच्या डिझाइनवर काम केलेल्या एडवर्ड वाइल्डिंगने चौकशीत मांडला होता. पण त्या फटी पुढच्या पाच-सहा कप्प्यांत (पाणी अडवायला आडव्या भिंती घालून बोटीचे पाडलेले भाग) पसरल्या होत्या आणि पुढचे चार कप्पे भरले तरी तरंगेल असं तिचं डिझाइन होतं, पाचवा भरला की खेळ संपला. पाणी पुढून मागे सरकत गेलं, बोट नाकावर खाली जात राहिली पण आडवी फारशी कलली नाही, आणि म्हणूनच दोन्ही बाजूंच्या लाइफबोटी खाली सोडता आल्या. दिवे जवळजवळ शेवटपर्यंत चालू होते, वायरलेसवर जॅक फिलिप्स आणि हॅरल्ड ब्राइड मदत मागत राहिले. 2:20 ला ती गेली.

लुसिटानियाचं असं नाही. 1 मे 1915 ला ती न्यूयॉर्कहून निघाली तेव्हा तिच्या दोनशेच्या वर फेऱ्या झालेल्या होत्या. निघायच्या दिवशीच पेपरात जर्मन दूतावासाची सूचना छापून आली की ब्रिटनभोवतीचा समुद्र युद्धक्षेत्र आहे, ब्रिटिश झेंड्याच्या बोटींनी जाणाऱ्यांनी धोका स्वतःचा समजावा, आणि काही पेपरांत ती कुनार्डच्या जाहिरातीच्या शेजारीच होती. लोक तरी गेले, कारण इतक्या वेगवान बोटीला पाणबुडी गाठूच शकणार नाही असं सगळ्यांना वाटत होतं. प्रत्यक्षात कोळसा आणि माणसं वाचवायला एक बॉयलर रूम बंद ठेवली होती, जास्तीत जास्त 21 नॉट मिळत होते, आणि 7 मे ला दुपारी ती 18 नॉटने चालली होती. आयर्लंडच्या दक्षिणेला ओल्ड हेड ऑफ किन्सेल नावाचं टोक आहे, तिथून साधारण 18 किलोमीटरवर, स्वच्छ ऊन, किनारा दिसतोय, आणि 2:10 ला यू-20 ह्या पाणबुडीच्या वॉल्टर श्वीगरने एक टॉर्पेडो सोडला. तो उजव्या बाजूला लागला आणि काही क्षणांत आतून दुसरा, जास्त मोठा स्फोट झाला.

त्या दुसऱ्या स्फोटावर अजून वाद चालू आहे. बोटीवर चाळीस लाखांवर रायफलच्या गोळ्या होत्या हे मालाच्या यादीतच होतं, त्यामुळे दारूगोळा फुटला असं एक मत, रिकाम्या झालेल्या बंकरमधली कोळशाची भुकटी पेटली हे दुसरं, वाफेच्या नळ्या फुटल्या हे तिसरं. ब्रिटिश चौकशीने दोन टॉर्पेडो लागले असं लिहून टाकलं, श्वीगरच्या नोंदीत मात्र एकच आहे, आणि आज एकच होता हेच धरलं जातं.

पण मला विचाराल तर स्फोटापेक्षा कोळशाचे बंकर महत्त्वाचे आहेत आणि त्यांच्याबद्दल कमी बोललं जातं. लुसिटानियाच्या बॉयलर रूमच्या दोन्ही बाजूंनी बोटीच्या लांबीला समांतर कोळशाचे लांबलचक कप्पे होते, युद्धनौकांसारखे, म्हणजे तोफेचा गोळा आला तर कोळसा आधी झेलेल. टॉर्पेडोने उजव्या बाजूचे कप्पे उघडे पडले, पाणी तिकडेच साठलं, डावीकडचे कोरडेच, आणि खांद्यावरच्या कावडीतली एकच घागर भरावी तशी बोट एका बाजूला झुकली, ते पण काही मिनिटांत 15 अंशांवर. टायटॅनिकचे कप्पे आडवे होते, पाणी दोन्ही बाजूंना सारखं पसरायचं, म्हणून ती सरळ राहिली. एवढ्या एका फरकाने पुढचं सगळं ठरलं.

इथे लाइफबोटींचा मुद्दा येतो. टायटॅनिकवर 20 लाइफबोटी, जागा 1,178 माणसांना, आणि बोटीवर साधारण 2,200 माणसं. ब्रिटिश नियम जुना होता, 1894 चा, दहा हजार टनांवरच्या बोटीला 16 लाइफबोटी पुरे, मग बोट कितीही मोठी असो, म्हणजे टायटॅनिक नियमापेक्षा जास्तच घेऊन निघाली होती. जग हादरलं, नियम बदलले, आणि त्यामुळेच लुसिटानियावर 1915 मधे 48 लाइफबोटी होत्या, 22 लाकडी आणि 26 घडीच्या, बोटीवरच्या साधारण 1,960 माणसांना पुरून उरतील इतक्या. त्यातल्या नीट पाण्यात उतरल्या फक्त 6.

असं कसं झालं ते जरा जवळून बघा. बोट उजवीकडे कललेली, त्यामुळे उजव्या बाजूच्या लाइफबोटी डेकपासून लांब, हवेत लोंबकळतायत, मधे मोठी फट आणि खाली समुद्र, पोरांना घेऊन त्या फटीवरून उडी मारायची. डाव्या बाजूला उलटं, लाइफबोटी आत डेकवर झुकल्या, दोर सुटले की माणसांनी भरलेली काही टन वजनाची बोट डेकवर उभ्या असलेल्यांना चिरडत खाली घसरायची, आणि बाहेर ढकललीच तर मोठ्या बोटीच्या अंगावर रिव्हेट्सची डोकी वर आलेली, त्यांच्यावर घासून फळ्या फुटायच्या. वर बोट अजून पुढे चालतच होती, इंजिनं ऐकत नव्हती, म्हणून कॅप्टन विल्यम टर्नरने सुरुवातीला लाइफबोटी सोडू नका असंच सांगितलं होतं. चांगले अनुभवी खलाशी नौदलात गेलेले. काही मिनिटांत वीज गेली, खालच्या मजल्यांवर मिट्ट अंधार. बऱ्याच लोकांनी लाइफ जॅकेट उलटसुलट घातलेली.

म्हणून "टायटॅनिकवर पुरेशा लाइफबोटी असत्या तर सगळे वाचले असते" हे वाक्य मला पटत नाही. पहिली लाइफबोट टक्कर झाल्यावर एक तासाने खाली गेली, 65 जणांच्या जागेत 28 जण, एक नंबरच्या बोटीत तर 40 जणांच्या जागेत 12. आणि शेवटच्या दोन घडीच्या बोटी सोडायला वेळच मिळाला नाही, पाणी आलं तेव्हा त्या तशाच तरंगत निघाल्या, एक तर उलटी, आणि तिच्या पाठीवर उभं राहून काही जण वाचले. म्हणजे अडीच तासांत, सरळ उभ्या बोटीवर, शांत समुद्रात वीस सोडताना दमछाक झाली. लाइफबोटी जास्त हव्या होत्या ह्यात वाद नाही, पण त्या भरायचा सराव, प्रवाशांना वेळेत सांगणं आणि सोडायला वेळ, हे नसेल तर आकड्याला अर्थ नाही, आणि लुसिटानियाने ते तीनच वर्षांत दाखवून दिलं.

कोण वाचलं ह्यात पण वेळ दिसते. टायटॅनिकवर साधारण 1,500 गेले, सातशेच्या आसपास वाचले, आणि बायका-मुलं आधी हे बऱ्यापैकी पाळलं गेलं, पण वर्गाप्रमाणे फरक भयंकर होता, पहिल्या वर्गातले साठ टक्क्यांच्या आसपास वाचले, तिसऱ्या वर्गातला चारातला एक. लुसिटानियावर जवळजवळ 1,200 गेले आणि तिथे वर्गाचा असा फायदा दिसत नाही. पुढे अभ्यासकांनी दोन्ही याद्या शेजारी ठेवल्या तेव्हा लुसिटानियावर तरुण, धडधाकट लोक जास्त वाचलेले दिसले. अठरा मिनिटांत रांग लावायला, कोणाला आधी पाठवायचं हे ठरवायला सवडच नव्हती.

टायटॅनिकच्या यादीतलं एक नाव आपल्या बाजूचं आहे. ॲनी फंक ही अमेरिकन मिशनरी बाई जांजगीरला मुलींची शाळा चालवायची, म्हणजे आताचं छत्तीसगड, तेव्हा नागपूर राजधानी असलेला मध्य प्रांत. आई आजारी असल्याची तार आली म्हणून ती मुंबईहून पर्शिया नावाच्या बोटीने निघाली, पुढे इंग्लंडमधे कोळसा कामगारांच्या संपामुळे ठरलेली बोट रद्द झाली आणि टायटॅनिकचं दुसऱ्या वर्गाचं तिकीट मिळालं. दुसऱ्या वर्गातल्या बहुतेक बायका वाचल्या, ही गेली. आणि तिला मुंबईहून नेणारी ती पर्शिया 30 डिसेंबर 1915 ला क्रीटजवळ, लंडनहून मुंबईला येताना, जर्मन टॉर्पेडोनेच बुडाली.

नंतर काय झालं ते पण लोक मिसळतात. दोन्ही बोटींची ब्रिटिश चौकशी एकाच माणसासमोर झाली, लॉर्ड मर्सी. टायटॅनिकच्या अहवालात वेगावर बोट ठेवलं, त्यातून पुढे 1914 चा समुद्रसुरक्षेचा आंतरराष्ट्रीय करार आणि हिमनगांवर लक्ष ठेवणारी गस्त आली. लुसिटानियाच्या चौकशीचा काही भाग बंद दाराआड झाला आणि सगळा दोष जर्मनीवर ठेवून टर्नर सुटला. तो वाचला होता, तीनेक तास पाण्यात काढून. टायटॅनिकचा कॅप्टन स्मिथ वाचला नाही.

लुसिटानिया बुडाली आणि अमेरिका युद्धात उतरली, हे तर काही पुस्तकांत पण असंच्या असं सापडतं. त्यात सव्वाशेच्या वर अमेरिकन गेले, प्रचंड संताप झाला, पण अमेरिका युद्धात आली एप्रिल 1917 मधे, म्हणजे जवळजवळ दोन वर्षांनी, जर्मनीने पाणबुड्यांना परत मोकळं रान दिल्यावर आणि झिमरमनची तार (जर्मनीने मेक्सिकोला अमेरिकेविरुद्ध युतीसाठी पाठवलेला गुप्त निरोप) उघड झाल्यावर. लुसिटानियाने लोकांचं मन फिरायला सुरुवात झाली असं म्हणा, ते बरोबर.

दोघींचा खराखुरा संबंध हवा असेल तर तो दोन बंदरांत आहे. टायटॅनिकच्या वाचलेल्यांना मदतीला धावून आलेल्या कार्पेथिया बोटीने न्यूयॉर्कला कुनार्डच्या 54 नंबरच्या धक्क्यावर उतरवलं, आणि तीन वर्षांनी लुसिटानिया त्याच धक्क्यावरून शेवटची निघाली. क्वीन्सटाउन, आताचं कोव्ह, हे टायटॅनिकचं शेवटचं बंदर, आणि लुसिटानियाची प्रेतं तिथेच आणली, गावाबाहेरच्या कब्रस्तानात त्यांच्या सामूहिक कबरी आहेत.

आणि व्हिडिओ बघणार असाल तर एवढं लक्षात ठेवा. टायटॅनिकचं खरं चित्रीकरण अगदी थोडं आहे, तिच्या नावाने फिरणारं बरंचसं तिची बहीण ऑलिंपिकचं असतं. लुसिटानियाचं मात्र 1 मे 1915 चं, शेवटच्या फेरीला निघतानाचं खरं चित्रीकरण आहे, टॅक्सीतून सामान उतरवणारे प्रवासी त्यात स्पष्ट दिसतात.