राजकारण आणि शासनव्यवस्था

एकत्र राहणाऱ्या, पण एकमत नसलेल्या माणसांमध्ये सर्वांना लागू होणारे निर्णय कोणी घ्यावेत, कसे घ्यावेत आणि ते न पाळणाऱ्याचे काय करावे, या प्रश्नांभोवतीचा सारा व्यवहार म्हणजे राजकारण. या व्यवहाराला पदे, नियम आणि संस्था यांची जी घडी बसते, ती शासनव्यवस्था. निवडणुका, पक्ष, संसद हा या व्यवहाराचा एक भाग आहे, आणि तोही बराच अलीकडचा. प्रत्येकाने आपापल्यापुरते ठरवून भागले असते तर राजकारणाची गरजच पडली नसती. पण पाणी, कुरण, कर किंवा युद्ध यांबाबत दहा निर्णय एकाच वेळी अमलात येत नाहीत. एकच येतो, आणि ज्यांना तो नको होता त्यांनाही पाळावा लागतो.

राज्यसंस्थेविना शासन : शासन म्हटले की राजा किंवा सरकार डोळ्यांसमोर येते, पण दोन्ही नसतानाही माणसांनी आपला कारभार चालवलेला आहे. स्वित्झर्लंडमधील त्योरबेल या डोंगराळ गावात १५१७ साली सामाईक कुरणाचा एक नियम लिहून ठेवला गेला : हिवाळ्यात आपल्या चाऱ्यावर जेवढ्या गायी पोसता येतील, तेवढ्याच गायी उन्हाळ्यात वरच्या कुरणावर सोडायच्या. नियमाची खुबी अशी की तो मोडणारा सहज सापडतो, कारण कोणाकडे किती गवत साठले आहे हे सगळ्या गावाला दिसते. स्पेनमधील वॅलेन्सियात कालव्याच्या पाण्याचे तंटे आजही शेतकऱ्यांनी निवडलेले पंच सोडवतात. दर गुरुवारी दुपारी कॅथेड्रलच्या दारात ते बसतात, सुनावणी तोंडी होते आणि निकाल तिथल्या तिथे लागतो. एलिनॉर ऑस्ट्रॉम यांनी अशा व्यवस्थांचा तौलनिक अभ्यास केला आणि त्यासाठी २००९ साली त्यांना अर्थशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले. सामाईक संपत्ती टिकवायची तर ती सरकारच्या ताब्यात द्यावी किंवा खाजगी मालकीची करावी, हा समज त्यांच्या कामामुळे मोडीत निघाला.

मात्र अशा व्यवस्थांना मर्यादा असतात, आणि त्या आइसलँडच्या उदाहरणात स्पष्ट दिसतात. तेथे ९३० च्या सुमारास आल्थिंग ही सर्व बेटाची सभा भरू लागली. कायदा लिहिलेला नव्हता. ‘कायदा सांगणारा’ हा अधिकारी दरवर्षी त्याचा एक तृतीयांश भाग सभेपुढे तोंडपाठ म्हणून दाखवी. तीन वर्षांत सगळा कायदा लोकांच्या कानावरून जाई. न्यायनिवाडाही होई. नव्हती ती अंमलबजावणी करणारी यंत्रणा. निकाल ज्याच्या बाजूने लागला, त्यानेच आपल्या बळावर तो अमलात आणायचा. साहजिकच ज्याच्यामागे माणसे जास्त, त्याचा निकाल खरा ठरू लागला, मोजक्या घराण्यांत यादवी माजली आणि १२६२ ते १२६४ च्या दरम्यान आइसलँडने नॉर्वेच्या राजाचे स्वामित्व मान्य केले. राष्ट्राराष्ट्रांतला आजचा व्यवहार याहून फार पुढे गेलेला नाही. संयुक्त राष्ट्रांचे १९३ सदस्य आहेत, न्यायालय आहे, करार आहेत. निकाल अमलात आणायची वेळ आली की मात्र बलवान राष्ट्रांच्या मर्जीचा प्रश्न येतो.

राज्यसंस्था आणि अधिमान्यता : ठरावीक भूप्रदेशात बळाचा वापर करण्याचा हक्क फक्त आपल्यालाच आहे, असा यशस्वी दावा करणारी संघटना म्हणजे राज्यसंस्था, अशी व्याख्या माक्स वेबर यांनी १९१९ च्या एका व्याख्यानात केली. तिच्या कितीतरी आधी कौटिल्याने राज्याची सात अंगे मोजली : स्वामी (राजा), अमात्य (मंत्री), जनपद (प्रदेश आणि प्रजा), दुर्ग (किल्ला), कोश (खजिना), दंड (सैन्यबळ) आणि मित्र. या यादीत राजा पहिला असला, तरी तो एक अंग आहे, सगळे राज्य नव्हे. आणि कोशाला तिच्यात स्वतंत्र स्थान आहे. जिथे नियमित कर गोळा होत नाही, तिथे सैन्यही टिकत नाही आणि कारकूनही.

पण केवळ दंडावर राज्य चालत नाही. प्रत्येक माणसामागे एक शिपाई उभा करणे कोणालाच परवडणारे नसते. म्हणून बहुतेकांनी बहुतेक वेळा आपणहून आज्ञा पाळावी लागते. ‘यांना आज्ञा करण्याचा अधिकार आहे’ ही लोकांची मान्यता म्हणजे अधिमान्यता. ती परंपरेतून येते, एखाद्या नेत्याच्या प्रभावातून येते किंवा कायद्यातून येते, असे वेबर यांचे वर्गीकरण आहे. प्रत्यक्षात तिन्हींची सरमिसळ असते. राजा नसेल तर मोठा मासा लहान माशाला गिळेल, हा महाभारताच्या शांतिपर्वातला मत्स्यन्याय आणि टॉमस हॉब्स यांनी १६५१ मध्ये रंगवलेली सर्वांची सर्वांशी लढाई, हे दोन्ही युक्तिवाद अराजकाच्या भीतीवर उभे आहेत. ही भीती खोटी नाही. मात्र ती राज्यकर्त्यांना नेहमीच सोयीची ठरत आली आहे. चीनमध्ये शांग घराण्याला हटवणाऱ्या झोउ राजांनी वेगळी मांडणी केली : राज्य करण्याचा आदेश स्वर्ग देतो, पण राजा दुराचारी निघाला तर तो काढूनही घेतो. आपले बंड योग्य ठरवण्यासाठी काढलेली ही तोड पुढे प्रत्येक घराण्याच्या उच्चाटनाला वापरता आली.

शासनप्रकारांचे सर्वांत गाजलेले वर्गीकरण ॲरिस्टॉटलचे. सत्ता एकाच्या, थोड्यांच्या की पुष्कळांच्या हाती आहे, आणि ती सर्वांच्या हितासाठी चालते की स्वतःच्या, या दोन कसोट्यांवर त्याने सहा प्रकार पाडले. अभ्यासाची सुरुवात करायला ते बरे आहेत. आजची राज्ये त्यांपैकी एकाच खणात क्वचितच बसतात. राजा असूनही पूर्ण लोकशाही असलेला देश आहे, आणि नावात ‘लोकशाही प्रजासत्ताक’ असूनही एकाच घराण्याच्या ताब्यात असलेला देशही आहे.

राज्यकर्त्यांची निवड : मतदान हीच निवडीची स्वाभाविक रीत आहे असे आज वाटते. प्राचीन अथेन्समध्ये मात्र पाचशे जणांचे मंडळ आणि बहुतेक अधिकारी चिठ्ठ्या टाकून निवडले जात. सेनापतींसारखी थोडी पदेच मतदानाने भरली जात. मतदानात पैसेवाले, घरंदाज आणि बोलके लोक पुढे येतात, चिठ्ठीला ओळखपाळख नसते, हा त्यामागचा विचार. (स्त्रिया, गुलाम आणि परदेशी रहिवासी यांची चिठ्ठी मुळात टाकलीच जात नव्हती.) तमिळ प्रदेशातील उत्तरमेरूर येथील दहाव्या शतकाच्या सुरुवातीच्या चोळकालीन शिलालेखांत तेथील ब्राह्मण सभेच्या समित्यांची निवड बारकाईने नोंदली आहे. तीस वॉर्डांतून पात्र व्यक्तींची नावे ताडपत्रांवर लिहून ती मडक्यात टाकत आणि एका लहान मुलाला चिठ्ठी काढायला लावत. पात्रतेसाठी करपात्र जमीन, स्वतःचे घर, वेदविद्येचे ज्ञान आणि ३५ ते ७० हे वय लागे. त्याहून बोलके कलम अपात्रतेचे आहे : पूर्वी समितीवर असताना ज्याने हिशेब दिला नाही, तो बाद, आणि त्याचे जवळचे नातेवाईकही बाद.

व्हेनिसने तर या बाबतीत कमाल केली. तेथील प्रमुखाची, म्हणजे डोजची, निवड १२६८ पासून अशी होई : महासभेतून चिठ्ठीने तीस जण काढायचे, त्यांतून चिठ्ठीनेच नऊ ठेवायचे. या नऊ जणांनी चाळीस जण निवडायचे. त्यांतून चिठ्ठीने बारा. बारांनी पंचवीस निवडायचे, त्यांतून नऊ. नवांनी पंचेचाळीस, त्यांतून अकरा. अकरांनी एक्केचाळीस निवडायचे आणि या एक्केचाळीस जणांनी डोज ठरवायचा, किमान पंचवीस मतांनी. चिठ्ठी म्हणून गोळे वापरत, आणि ते काढायला इथेही एक पोरच असे. वाचताना हसू येते, पण हेतू पक्का होता. शेवटचे एक्केचाळीस कोण असतील हे आधी कोणालाच ठाऊक नसल्यामुळे मते फोडायची कोणाची, हेच लक्ष्मीपुत्रांना कळत नसे. १७९७ मध्ये नेपोलियनपुढे प्रजासत्ताक कोसळेपर्यंत ही पद्धत टिकली.

मताधिकार सर्वांपर्यंत पोहोचायला मात्र फार वेळ लागला. राष्ट्रीय निवडणुकीत स्त्रियांना मताचा हक्क न्यूझीलंडने १८९३ मध्ये दिला. थेट लोकशाहीचा दाखला म्हणून ज्या स्वित्झर्लंडकडे बोट दाखवले जाते, त्याने तो संघराज्याच्या पातळीवर द्यायला १९७१ साल उजाडले.

राज्यकर्त्यांचे पायउतार होणे : एखाद्या शासनव्यवस्थेची पारख राज्यकर्ता येतो कसा यावरून करण्याचा प्रघात आहे. तो जातो कसा, हे पाहिले तर अधिक कळते, कारण निवडणुकीने आलेले हुकूमशहा इतिहासाला भरपूर ठाऊक आहेत. रोमन प्रजासत्ताकाने दोन कॉन्सल नेमले, एकाला दुसऱ्याचा निर्णय रोखण्याची मुभा दिली आणि दोघांनाही एकच वर्ष दिले. संकटकाळच्या सर्वाधिकाऱ्याची कमाल मुदत सहा महिने होती. इ.स.पू. ४४ मध्ये जूलियस सीझरला हे पद तहहयात मिळाले आणि काही आठवड्यांतच त्याचा खून झाला. कायदेशीर वाट बुजली होती. उत्तर अमेरिकेतील हौदेनोसौनी राष्ट्रसंघात पुरुष प्रमुखांची नेमणूक कुळातील ज्येष्ठ स्त्रिया करत, आणि एखादा प्रमुख बिघडला तर त्याला पदावरून काढण्याचा अधिकारही या स्त्रियांचाच. संसदीय पद्धतीत हे काम अविश्वास ठराव करतो. ब्रिटनमध्ये १९७९ साली जेम्स कॅलहॅन यांचे सरकार ३११ विरुद्ध ३१०, म्हणजे एका मताने पडले. सरकारे पाडण्यासाठी एक होणारे आणि बनवताना पांगणारे पक्ष जर्मनीने पूर्वी अनुभवले होते. त्यामुळे तेथील १९४९ च्या संविधानाने अट घातली की नवा चॅन्सलर निवडल्याशिवाय जुन्याला काढता येणार नाही. हेल्मुट श्मिट यांच्या जागी हेल्मुट कोल १९८२ मध्ये आले ते याच कलमाने.

जाणाऱ्याला जाणे परवडले पाहिजे, ही बाब संविधानांत सहसा लिहिलेली नसते. अथेन्सची हद्दपारीची पद्धत या दृष्टीने विचार करायला लावते. वर्षातून एकदा नागरिक खापराच्या तुकड्यावर नको असलेल्या पुढाऱ्याचे नाव कोरत. पुरेशी खापरे जमली की सर्वाधिक वेळा ज्याचे नाव आले असेल, त्याने दहा वर्षे शहराबाहेर राहायचे. गैरप्रकार तिथेही होते : ॲक्रोपोलिसजवळच्या एका विहिरीत थेमिस्टोक्लीसचे नाव कोरलेली सुमारे १९० खापरे सापडली आणि त्यांवरचे अक्षर मोजक्याच माणसांचे निघाले, म्हणजे वाटण्यासाठी ती आधीच तयार करून ठेवलेली. पण खटला नाही, शिक्षा नाही. हद्दपार माणसाची मालमत्ता आणि नागरिकत्व शाबूत राही. इ.स.पू. ४८० मध्ये इराणी फौजा चालून आल्या, तेव्हा ॲरिस्टायडीससह हद्दपार केलेल्यांना अथेन्सने मुदत संपायच्या आत परत बोलावले, आणि पुढच्याच वर्षी प्लातीआच्या लढाईत अथेन्सच्या फौजेचे नेतृत्व त्याच्याकडे होते.