तुकाराम : गाथेचे पाठ आणि अर्थलावणी

देहूच्या तुकोबांना नंतरच्या पिढ्यांनी कसं वाचलं, कुठले अभंग उचलले आणि कुठल्यांकडे काणाडोळा केला, त्याची ही नोंद. अभंग काय असतो, वारी काय असते हे इथे पुन्हा सांगत नाही.

सुरुवात जन्मसालापासून करावी लागते आणि पहिला घोळ तिथेच आहे. इतिहासकार वि. का. राजवाडे शक 1490, म्हणजे इ.स. 1568 धरतात, वाङ्मयाचे अभ्यासक वि. ल. भावे 1598 कडे झुकतात, तर तुकोबांचे चरित्रकार ल. रा. पांगारकरांनी शक 1530, म्हणजे 1608 मांडलं आणि आज बहुतेक ठिकाणी तेच छापलं जातं. हा नुसता आकड्यांचा वाद नाही. ‘दुष्काळें आटिलें द्रव्यें नेला मान । स्त्री एकी अन्न अन्न करितां मेली’ असं तुकोबा स्वतःच सांगतात, आणि हा दुष्काळ साधारणपणे 1630-31 चा समजला जातो. आता 1608 धरलं तर बोलणारा हा बावीसेक वर्षांचा, घरचा धंदा नुकताच अंगावर पडलेला वाणी ठरतो, आणि 1568 धरलं तर साठी उलटलेला म्हातारा, म्हणजे त्याच दिवाळ्याचा आणि त्याच वैराग्याचा रंग पार बदलतो. आतला पुरावा बघता 1608 च्या आसपासचं साल जास्त जुळतं. प्रयाणाचं साल शक 1571, फाल्गुन वद्य 2 असं सांगतात. काही पुस्तकांत याचं 1649 होतं, ते बहुधा शकात सरळ 78 मिळवल्यामुळे असावं, पण फाल्गुन वद्य मार्चात येतो तेव्हा 79 मिळवायला हवेत, म्हणून 1650.

दुसरा घोळ पाठाचा, म्हणजे गाथेत (तुकोबांच्या अभंगांच्या संग्रहात) नेमके कुठले अभंग आणि कुठले शब्द धरायचे याचा. मुंबई सरकारने 24,000 रुपये मंजूर केले आणि विष्णु परशुरामशास्त्री पंडित व शंकर पांडुरंग पंडित यांनी देहू, तळेगाव, कडूस आणि पंढरपूर इथली हस्तलिखितं ताडून 1869 ते 1873 मध्ये इंदुप्रकाश छापखान्यातून गाथा काढली, तिच्यात 4,607 अभंग आहेत. पुढे 1919-20 च्या सुमारास भाव्यांनी संताजी जगनाडे यांच्या वह्यांवरून ‘अस्सल गाथा’ छापली. तिच्यात अभंग बरेच कमी, शब्दांची रूपं जास्त बोलीतली. संताजी तुकोबांचे सोबती म्हणून ही प्रत मोलाची आहे यात शंका नाही, पण जे तिच्यात नाही ते सगळं प्रक्षिप्त, म्हणजे मागाहून कुणी घुसडलेलं, म्हणणं घाईचं होईल. आणि वारकरी फडावर, म्हणजे कीर्तन-भजन करणाऱ्या मंडळींत, हा वाद फारसा पोचतच नाही, तिथे जोगमहाराजांची प्रत आणि पाठांतर चालतं.

आता अर्थलावणी. सगळ्यात जवळची साक्ष तुकोबांच्या शिष्या संत बहिणाबाईंची, त्यांनी देहूत राहून तुकोबांना पाहिलं, तुकोबांचा विरोधक मंबाजी याचा त्रासही सोसला. पण लोकांच्या मनातला तुकाराम घडवला तो संतचरित्रकार महिपतींनी, ‘भक्तविजय’ (1762) आणि ‘भक्तलीलामृत’ (1774) लिहून, म्हणजे प्रयाणानंतर शंभराहून जास्त वर्षांनी.

एकोणिसाव्या शतकात वाचक बदलले. शिक्षणखात्यातले अलेक्झांडर ग्रँट यांनी 1867 साली तुकारामांवर इंग्रजीत लेख लिहिला, त्याच वर्षी निघालेल्या, मूर्तिपूजा न मानणाऱ्या प्रार्थना समाजाने अभंग उपासनेत घेतले, पण मूर्तीपुढे लोटांगण घालणारा तुका तिथे जरा अडचणीचाच होता. ख्रिस्ती झालेले कवी ना. वा. टिळक तर तुकारामांच्या पुलावरून आपण ख्रिस्ताकडे गेलो म्हणायचे. न्या. म. गो. रानड्यांना संतांच्या चळवळीत मराठी राज्याची पूर्वतयारी दिसली, राजवाड्यांना ‘संताळे’ दिसले, ज्यांच्यामुळे समाज निष्क्रिय झाला. दोघांसमोर ओळी त्याच. रानड्यांचं म्हणणं जरा ताणलेलं आहे, पण राजवाड्यांपेक्षा मजकुराला जवळचं.

31 जानेवारी 1920 ला डॉ. आंबेडकरांनी ‘मूकनायक’ काढला तेव्हा अंकाच्या माथ्यावर ‘काय करूं आतां धरूनियां भीड । नि:शंक हे तोंड वाजविलें’ हा अभंग होता. मूळ संदर्भात बोलणारा देवापुढे उभा आहे की लोकांपुढे, यावर वाद घालता येईल, पण त्या माथ्यावर छापल्यापासून ती ओळ बहिष्कृतांची झाली आणि आज तिचा दुसरा अर्थ बऱ्याच जणांना सुचतही नाही. दहा वर्षांनी येरवड्याच्या तुरुंगात गांधीजी काही अभंग इंग्रजीत करत होते, त्यांना हवा असलेला तुका वेगळाच.

मग 1936 चा प्रभात फिल्म कंपनीचा ‘संत तुकाराम’ हा सिनेमा. विष्णुपंत पागनीसांचा चेहरा हाच तुकोबांचा चेहरा झाला, आणि शांताराम आठवल्यांनी या सिनेमासाठी लिहिलेलं ‘आधी बीज एकले’ लोक आजही अभंग म्हणून गातात. पंडितांच्या गाथेत शोधायला गेलं तर सापडत नाही, कसं सापडणार.

नंतर भालचंद्र नेमाडे यांची छोटी पुस्तिका (1980), दिलीप चित्रे यांचं ‘पुन्हा तुकाराम’ (1990) आणि इंग्रजी भाषांतर यांनी तुकोबांना संतांच्या रांगेतून काढून कवी म्हणून आजच्या माणसाशेजारी बसवलं. सदानंद मोरे यांच्या ‘तुकाराम दर्शन’ (1996) मध्ये तर तुकोबांना वाचणाऱ्यांचाच इतिहास आहे, या नोंदीच्या विषयावर इतकं सलग काम दुसरं नाही.

बायकांनी तुकोबांना कसं वाचलं हे मात्र छापील टीकेत जवळपास नाहीच. महिपती आणि सिनेमा यांनी तुकोबांच्या बायकोला, आवलीला, कजाग करून ठेवलं. जात्यावरच्या ओव्यांत तुकोबांबरोबर जिजाईचंही (म्हणजे याच आवलीचं) नाव येतं, आणि तिथे घर सांभाळणाऱ्या बाईची बाजू घेतली जाते.