लाल बेट जुन्या फिल्मवर काळं का दिसतं?

मादागास्करला लाल बेट म्हणतात, आणि का ते कळायला कोकणातला जांभा आठवला तरी पुरे. तिथेही तीच गोष्ट, पावसाने खडकातलं बाकी सगळं धुवून नेलं आणि मागे लोखंडाचा ऑक्साइड उरला, त्याचा तो लाल रंग. पण १९२० च्या आधीचं तिथलं शूटिंग बघायला बसलात तर माती काळपट दिसते, आकाश पांढरंफटक आणि ढग जवळजवळ गायब!

दोष फिल्मचा. तेव्हाच्या ऑर्थोक्रोमॅटिक फिल्मला निळा आणि हिरवा प्रकाश कळायचा, लाल कळायचाच नाही, म्हणून तर ती लाल दिव्यात बिनधास्त धुता यायची. आता लाल माती काय करते, निळा-हिरवा प्रकाश गिळते आणि लाल तेवढा परत पाठवते, म्हणजे फिल्मसाठी तिथे अंधारच, आणि निळं आकाश मात्र ढगांइतकंच पांढरं.

आता यात माणसं आणा. भाताच्या खाचरात झेबू बैल गोल गोल हाकून चिखल करतायत, हाकणारा पोटरीपर्यंत लाल चिखलात, खांद्यावर पांढरा लांबा, म्हणजे तिथली शालीसारखी चादर. फिल्मवर लांबा लख्ख उजळतो, चिखल काळा होतो, आणि सावळ्या कातडीतूनही लाल प्रकाशच जास्त परत येत असल्याने चेहरा आहे त्याहून काळा पडतो, डोळ्यांभोवतीचे भाव पुसले जातात. मला हे फार लागतं, कारण ज्याने ती माणसं कधी पाहिलीच नाहीत तो यालाच खरं समजणार.

आणि कॅमेरा हाताने फिरवायचा, सेकंदाला साधारण १६ फ्रेम, तेच आज २४ ने चालवलं की सगळं दीडपट वेगाने पळतं, उखळात भात कांडणाऱ्या बायकांची संथ लय पार बिघडते.

कोडॅकने १९२२ मध्ये लाल ओळखणारी पँक्रोमॅटिक फिल्म नेहमीच्या विक्रीत आणली. तोवरचं तिथलं बहुतेक शूटिंग बाहेरून आलेल्यांनी केलेलं, बेट १८९६ पासून फ्रान्सच्या ताब्यात होतं ना. मलागासी, म्हणजे मादागास्करच्याच, माणसाची पहिली फिल्म म्हणतात ती १९३७ ची, फिलिप राबेरोजो यांची 'रासालामा मारितिओरा', २२ मिनिटांची डॉक्युमेंटरी, १८३७ मध्ये ख्रिस्ती श्रद्धेपायी मारल्या गेलेल्या रासालामा या बाईच्या शंभराव्या स्मृतिवर्षासाठी केलेली.

जुन्या रिळांचा वेग आता कॉम्प्युटरवर सुधारता येतो, कांडणाची लय परत मिळते. मातीचा लाल मात्र नाही मिळत, तो फिल्मवर कधी उमटलाच नव्हता.