गंधर्वनगर

गंधर्वनगर : दूरच्या क्षितिजावर किंवा आकाशात तट, बुरूज आणि मनोरे असलेल्या नगरासारखा भासणारा आणि पाहता पाहता आकार बदलून विरून जाणारा प्रकाशाचा देखावा. संस्कृतात त्याला ‘खपुर’, म्हणजे आकाशातील नगर, असेही नाव आहे. ज्ञानेश्वरीच्या पंधराव्या अध्यायात संसारवृक्षाचे मिथ्यत्व सांगताना ज्ञानेश्वरांनी ‘गंधर्वदुर्ग’ हा शब्द योजला आहे. जो किल्ला मुळात नाहीच तो पाडायचा कसा, असा त्यांचा प्रश्न आहे.

या देखाव्याचे एक स्वतंत्र शास्त्रच प्राचीन भारतात रचले गेले, मात्र ते शकुनांचे होते. वराहमिहिराने सहाव्या शतकात लिहिलेल्या बृहत्संहितेत ‘गंधर्वनगरलक्षण’ नावाचा छोटा अध्याय आहे. त्यानुसार उत्तर, पूर्व, दक्षिण व पश्चिम या दिशांना दिसणारे नगर अनुक्रमे पुरोहित, राजा, सेनापती आणि युवराज यांना बाधक ठरते. पांढरा, तांबडा, पिवळा व काळा हे रंग चार वर्णांच्या नाशाचे सूचक असतात. आणि पताका, ध्वज व तोरणे यांनी युक्त असे अनेक रंगांचे व आकृतींचे नगर प्रकाशले, तर हत्ती, माणसे व घोडे यांचे रक्त भूमी पिते. लक्षात घेण्याजोगी गोष्ट अशी की, याच ग्रंथात इंद्रधनुष्याबद्दल लिहिताना वराहमिहिर सूर्याचे विविधवर्णी किरण वाऱ्याने विखुरले जाऊन अभ्राच्छादित आकाशात धनुष्याकार दिसतात, असे कारण देतो. गंधर्वनगराची मात्र तो फक्त फळे सांगतो.

तत्त्वचिंतकांना हा दृष्टांत फार सोयीचा वाटला. नागार्जुनाने उत्पत्ती, स्थिती व लय हे माया, स्वप्न आणि गंधर्वनगर यांच्यासारखे आहेत असे म्हटले, तर गौडपादांनी मांडूक्यकारिकांत जवळजवळ त्याच उपमा संपूर्ण विश्वाला लावल्या. बौद्ध आणि वेदान्ती या दोन्ही परंपरांना एकच नगर पुरले, हे गमतीचे आहे. न्यायदर्शनाने मात्र वेगळी वाट धरली. प्रमाण (ज्ञानाचे साधन) आणि प्रमेय (ज्ञानाचा विषय) यांची जाणीव गंधर्वनगरासारखी किंवा मृगजळासारखी भ्रामक आहे, हा पूर्वपक्ष, म्हणजे खंडनासाठी आधी मांडलेला प्रतिपक्षाचा आक्षेप, न्यायसूत्रांत आहे. त्याला उत्तर देताना भाष्यकार वात्स्यायन म्हणतो की, धुके वगैरेंची रचना नगरासारखी झाली म्हणजे दुरून पाहणाऱ्याला नगराची बुद्धी होते, एरवी होत नाही. तसेच जमिनीच्या उष्णतेशी मिसळून सूर्यकिरण थरथरू लागले म्हणजे पाण्याचा भास होतो. असा भास ठरावीक ठिकाणी, ठरावीक वेळी आणि ठरावीक माणसालाच होत असल्यामुळे तो निष्कारण असू शकत नाही. भ्रमालाही निमित्त लागते, हा युक्तिवाद आजच्या प्रकाशविज्ञानाला बाकीच्या दोन्ही मतांपेक्षा अधिक जवळचा आहे.

थंड हवा उष्ण हवेपेक्षा दाट असते आणि प्रकाशकिरण दाट थराकडे वाकतात. तापलेल्या वाळूवर किंवा डांबरी रस्त्यावर खालची हवा विरळ असल्याने किरण वर वळतात, आकाशाचे प्रतिबिंब जमिनीवर दिसते आणि आपण त्याला मृगजळ म्हणतो. फ्रेंच गणितज्ञ गास्पार मोंज याने नेपोलियनच्या १७९८ च्या इजिप्त मोहिमेत असताना त्याचे स्पष्टीकरण दिले. थंड समुद्रावर किंवा बर्फावर मात्र थरांचा क्रम उलटा होतो : खाली थंड हवा, वर उबदार. मग किरण खाली वाकत येतात आणि क्षितिजाआडची वस्तूही वर उचललेली दिसते. दर १०० मीटर उंचीला तापमान साधारण ११ ते १३ अंश सेल्सिअसने वाढत असेल, तर क्षितिजसमांतर किरण पृथ्वीच्या गोलाईबरोबरच वळत जातात. ही वाढ सर्व उंचीवर सारखी नसली, तर एकाच बिंदूपासून निघालेले किरण वेगवेगळ्या वाटांनी डोळ्यांपर्यंत येतात, सुलट व उलट प्रतिमा एकावर एक रचल्या जातात आणि किनाऱ्याची बुटकी पट्टी उंच तटबंदीसारखी ताणली जाते. थर स्वतःच हेलकावत असल्याने हे नगर काही मिनिटांत रूप पालटते. इटलीतील मेसिनाच्या सामुद्रधुनीवरून रूढ झालेले त्याचे युरोपीय नाव ‘फाता मॉर्गाना’ असे आहे. जपानमधील उओझू हे गावही त्यासाठी प्रसिद्ध आहे.

अशा देखाव्यात किरणांचे वळण सहसा एका अंशाच्याही आत असते, त्यामुळे तो क्षितिजाला चिकटूनच राहतो. वराहमिहिराने वर्णिलेले, सर्व दिशांना उठणारे नगर यात बसत नाही. ते ढगांचे किंवा कल्पनेचे असावे.

ध्रुवप्रदेशात या भासाने नकाशेही बदलले. १८१८ मध्ये ब्रिटिश नौदलातील संशोधक जॉन रॉस कॅनडाच्या उत्तरेकडील लँकेस्टर सामुद्रधुनीत समोर भासमान पर्वतरांग पाहून माघारी फिरला; पुढच्याच वर्षी विल्यम पॅरीची जहाजे तेथूनच पार गेली. १८२२ मध्ये देवमासे पकडणाऱ्या जहाजाचा कप्तान विल्यम स्कोर्सबी याने ग्रीनलंडजवळ आकाशातील उलट्या प्रतिमेवरून क्षितिजापलीकडचे आपल्या वडिलांचे जहाज ओळखले. अमेरिकन ध्रुवसंशोधक रॉबर्ट पियरीने १९०६ मध्ये पाहिल्याचे सांगितलेल्या ‘क्रॉकर लँड’ या उत्तर ध्रुवसमुद्रातील भूमीचा त्याच्या तेव्हाच्या दैनंदिनीत उल्लेख नाही, त्यामुळे त्याने भास तरी पाहिला का, हीच शंका आहे. ती भूमी शोधायला निघालेल्या डोनल्ड मॅकमिलनला १९१४ च्या एप्रिलमध्ये टेकड्या, दऱ्या आणि हिमाच्छादित शिखरे क्षितिजाच्या १२० अंशांत पसरलेली दिसली. त्याचा इनुइट वाटाड्या पिउगाटोक याने, ते धुके आहे, एवढेच सांगितले.